डागावर बसलेले मामा

काळा डाग दिसला आणि आमचे मामेसासरे त्याच्यावर तुटून पडले नाहीत, असं अख्ख्या सुरतेत कुणी सांगू शकणार नाही. उभी हयात त्यांनी लूमवर काढली. तिथं कापडाच्या ताक्यावर तेलाचा एक थेंब पडला की शेठ तो ताका सगळ्यांदेखत नाकापुढं धरायचा. तेव्हापासून जगातला प्रत्येक काळा डाग मामांच्या लेखी तेलाचाच. गोडादऱ्याला आमच्या फ्लॅटमध्ये लाकडासारख्या दिसणाऱ्या टाइल्स आहेत. मामा पहिल्यांदा आले, चहा बाजूला ठेवला आणि टाइलवरच्या एका काळ्या गाठीवर खडूची पूड टाकून घासत बसले. मी म्हटलं, "मामा, ती छापलेली गाठ आहे." घासणं न थांबवता म्हणाले, "मग छापणाऱ्याच्या हाताला तेल असणार." आता बोला.

स्वतः ते कतारगामात एका जुन्या घराच्या वरच्या मजल्यावर राहतात. जमीन सागवानी फळ्यांची. मामी गेल्यापासून घरात ते आणि त्यांची लेक पूनम, दोघंच. आणि बैठकीच्या मधोमध, ओली लोखंडी बादली ठेवून ठेवून पडलेला एक काळाकुट्ट डाग. अमळनेरची मंडळी पूनमला पाहायला यायची ठरली, तसा मामांनी तो डाग मनावर घेतला. स्थळ चांगलं होतं, पूनमलाही मुलगा फोटोत आवडला होता, आणि आई नसलेल्या पोरीचं घर पाहुण्यांना गबाळं दिसू नये, एवढंच त्यांचं म्हणणं. खडू झाला, बेसन झालं, थिनर झालं. पूनम सांगून थकली, "बाबा, हा लोखंडाचा डाग आहे, लिंबू लावा." मामा म्हणाले, "डाग मी लूमवर पाहिलेत, मोबाइलवर नाही." आणि पाणी टाकून तारेच्या ब्रशनं घासायला लागले. ओल्या सागावर लोखंडाचा कीस बसला आणि डाग परातीएवढा झाला.

पाहुणे जिना चढले तेव्हा मामा अजून घासतच होते. सतरंज्या भिंतीकडेनं अंथरून झालेल्या. दुसरं काही सुचेना, तसे ते डागावरच मांडी घालून बसले, ते बसलेच. आमच्यात मुलीच्या बापानं दारात जाऊन पाहुण्यांना पाण्याचा तांब्या द्यायचा असतो. तो मी दिला. मुलाचे वडील उभ्यानं नमस्कार करतायत आणि मामा बसल्या बसल्या हात जोडतायत. पोहे झाले, चहा झाला, मामा हलायला तयार नाहीत. शेवटी मुलाचे वडील म्हणाले, "पाव्हण्यांना आमचं येणं रुचलेलं दिसत नाही," आणि चपलांकडं बघू लागले.

तेवढ्यात पूनम आतून आली. बापाच्या दोन्ही काखांत हात घालून तिनं त्यांना अलगद उभं केलं आणि पाहुण्यांना सरळ सांगितलं, "बाबा डाग झाकून बसलेत." मामांच्या पांढऱ्या पायजम्यावरही तो उमटला होता. मुलाची आई तोंडाला पदर लावून इतकी हसली की तिच्या डोळ्यांत पाणी आलं. म्हणाली, "व्याही, आमना घरमा बी असाच डाग शे." व्याही म्हणाली, म्हणजे जमलंच.

लग्न थाटात झालं. परवा सहज कतारगामला डोकावलो, तर मामा त्याच फळीवर मांडी घालून बसलेले. चहाची कपबशी शेजारी तशीच गार झालेली. मी म्हटलं, "मामा, उठा आता. पाहुणे कधीच गेले."

मन भरून आलं की मामा घरच्या अहिराणीवर येतात. म्हणाले, "उठाडनारी गयी ना, जवाईबापू."