ग्रीन चॅनेल

सोमवारी लिफ्टमध्ये भेटले तेव्हा ते डाव्या पायाने लंगडत होते. बुधवारी उजव्या. शुक्रवारी तर चक्क ताठ चालत आले आणि माझ्यासाठी लिफ्टचं दार धरून उभे राहिले. गोरे, उंच, सत्तरी ओलांडलेले, अंगात इस्त्रीचा शर्ट आणि पायात पॉलिश केलेले काळे बूट. सिंगापूरला बुकित पंजांगच्या आमच्या ब्लॉकमध्ये लोक चपलांवरच हिंडतात. कचरा टाकायलासुद्धा बूट चढवून निघणारा हा एकच माणूस. मी बँकेच्या ज्या विभागात काम करते तिथे समोरचा स्वतःला जो म्हणवतो तोच आहे का, एवढंच तपासायचं असतं. त्यामुळे पाय बदलून लंगडणारा हा म्हातारा माझ्या डोक्यातून जाईना.

संशय माझ्या रक्तातच आहे. बाबा मुंबईला कस्टम्समध्ये होते. आधी बंदरावर, मग विमानतळावर. लोकांच्या पेट्या उघडण्यात त्यांचं आयुष्य गेलं. आई गेल्यावर मी त्यांना इकडे घेऊन आले, आणि वर्षभरातच त्यांचा विसराळूपणा साधा नाही हे कळलं. नावं गेली, रस्ते गेले, पण संशय मात्र शाबूत राहिला. त्यांना सांभाळायला ठेवलेली इंडोनेशियाची यांती दुधात पाणी घालते, शेजारचा चिनी म्हातारा भिंतीला कान लावतो, असं काही ना काही चालूच असायचं. एके सकाळी मी चहा घेऊन गेले तर माझ्याकडे बराच वेळ रोखून बघत म्हणाले, "तुम्ही माझ्या मुलीचा आवाज अगदी छान काढता. कोणी पाठवलं तुम्हाला?" त्या दिवशी ऑफिसला जाताना एमआरटीच्या डब्यात मी खिडकीकडे तोंड करून उभी राहिले.

बाबांची आणि लिफ्टमधल्या त्या म्हाताऱ्याची गाठ पडली ती इमारतीच्या तळाशी, बाकं टाकलेल्या मोकळ्या जागेत. यांती बाबांना संध्याकाळी तिथे नेऊन बसवायची. हे गृहस्थ बाजारातून चाकांची पिशवी ओढत येत होते. बाबांनी हात आडवा केला आणि इंग्रजीत विचारलं, "बॅगेत काय आहे?" दुसरा कोणी हसून पुढे गेला असता. हे थांबले. पिशवी सरळ उभी केली, कपाळावरचा घाम पुसला आणि थोडं जास्तच सहजपणे म्हणाले, "काही नाही, ऑफिसर." बाबा यांतीकडे वळून म्हणाले, "ग्रीन चॅनेलवाले सगळे हेच म्हणतात." मग पिशवीतले कांदे, ब्रेड, साबण एकेक करून बाहेर आले. ग्रीन चॅनेल म्हणजे विमानतळावर, सामानात कर लागण्यासारखं काही नाही, असं म्हणणाऱ्यांची वाट. त्या दिवसापासून आमच्या घरात त्यांचं तेच नाव पडलं.

ते रोज येऊ लागले. रोज नवा माणूस होऊन. कधी कापडाचा व्यापारी, कधी बोटीवरचा स्वयंपाकी, कधी हरवलेल्या पासपोर्टचा प्रवासी. बाबा प्रश्न विचारायचे आणि हे उत्तरं द्यायचे. यांती मला हे कौतुकाने सांगायची आणि मला घाम फुटायचा. एक धडधाकट माणूस रोज तासभर एका भ्रमिष्ट म्हाताऱ्याजवळ का बसतो? त्याला काय हवंय? मंदार, माझा नवरा, म्हणाला, "अगं, रिकामा माणूस आहे. सगळ्यांची फाइल उघडू नकोस." पण माझ्या कामात रिकाम्या माणसावरच आधी नजर ठेवतात.

म्हणून एका शनिवारी मीच खाली गेले आणि त्यांना सरळ विचारलं, तुम्ही करता काय?

"नट आहे," ते म्हणाले. "माझा चेहरा अर्ध्या जगाने पाहिलाय. ओळखत कोणीच नाही."

उत्तर इंग्लंडमधल्या एका लहान गावातले. वडील खाटीक. शाळा संपल्यावर एका फिरत्या नाटक कंपनीत चहा करायला आणि पडदा ओढायला लागले. प्रेताचं काम करणारा नट आजारी पडला म्हणून यांना आडवं झोपवलं, आणि अशी कारकीर्द सुरू झाली. पुढे बटलर, पाद्री, हवालदार, हॉटेलातला कारकून. मग टीव्हीच्या मालिका, चित्रपट. सगळ्यात जास्त वेळा डॉक्टर. खोलीतून बाहेर येऊन नातेवाइकांसमोर मान हलवणारा. "नुसती मान हलवून मी किती माणसं मारलीत, हिशेब नाही," असं ते अगदी गंभीरपणे म्हणाले. नायकाचं काम कधी मिळालं नाही, त्याचं दुःखही दिसलं नाही. "प्रेक्षक नायकाकडे बघतात. नायक ज्याच्याकडे बघतो, तो मी." लंगडण्याचं विचारलं तर म्हणाले, कुठल्या पायाने लंगडलं की लोक जागा देतात, ते बघत होतो.

घरी येऊन मी इंटरनेटवर त्यांचं नाव शोधलं. काहीही सापडलं नाही. दुसऱ्या दिवशी तसं सांगितलं तर म्हणाले, त्या नावाचा नट आधीच होता, म्हणून रंगभूमीवर दुसरं नाव घेतलं होतं. कोणतं? तर म्हणे, तेही मध्येच बदललं. असं उत्तर देणाऱ्याचं आमच्या बँकेत खातं उघडत नाहीत.

खरी माहिती मिळाली ती त्यांच्या मुलीकडून. केट इथल्याच एका मुलाशी लग्न करून सिंगापूरची झाली होती. बापाला म्हातारपणी तिने आणून ठेवलं होतं. लिफ्टची वाट बघताना मी विषय काढला. ती म्हणाली, "नट होते, हे खरं आहे. तेवढंच खरं आहे. मी लहान असताना महिनोन्महिने दौऱ्यावर असायचे. आले की जे काम चालू असेल तो माणूस होऊन यायचे. पाद्री असतील तर पाद्री. माझ्या लग्नात त्यांनी फार सुंदर भाषण केलं, सगळे रडले. मी नाही रडले. ते भाषण मी त्यांच्या एका मालिकेत ऐकलं होतं." लिफ्ट आली. आत शिरताना ती हळूच म्हणाली, "तुमच्या घराची किल्ली त्यांच्याकडे देऊ नका. चोरणार नाहीत काही. पण ते कोण म्हणून आत येतील ते सांगता येत नाही."

त्या संध्याकाळी मी यांतीला बजावलं, दोघांना एकटं सोडायचं नाही.

गंमत अशी की बाबा सुधारत होते. डॉक्टर ज्याला सुधारणा म्हणतील तसं नव्हे, पण दाढी स्वतः करायला लागले, दोन घास जास्त खायला लागले. दुपारपासून उद्याचे प्रश्न पुटपुटायचे. एकदा मी खांबाआड उभी राहून ऐकलं.

"कोलंबोला किती दिवस होतात?" बाबा विचारत होते.

"आठवडाभर, ऑफिसर. पावसाने हैराण केलं."

"मग छत्री कुठाय?"

ग्रीन चॅनेलनी छत्री शोधल्यासारखं इकडेतिकडे पाहिलं. चेहरा हळूहळू उतरत गेला, ओठ कोरडे पडल्यासारखे त्यांनी जिभेने ओले केले. बाबांच्या डोळ्यांत मी कित्येक महिन्यांत न पाहिलेली चमक आली. ते यांतीला म्हणाले, "पेटीला चोरकप्पा आहे. लिहून घ्या."

नंतर मी ग्रीन चॅनेलना गाठलं आणि विचारलं, "छत्रीचं तुम्ही मुद्दाम विसरलात ना?"

"दार थोडं उघडं ठेवावं लागतं," ते म्हणाले. "फार नाही. फार उघडं ठेवलं तर त्यांना कळतं. तुमचे वडील उत्तम ऑफिसर आहेत."

"आणि तुम्हाला यातून काय मिळतं?"

त्यांनी माझ्याकडे पाहिलं. "काम," म्हणाले.

मला ते पटलं नाही. केटच्या लग्नातलं भाषण आठवत राहिलं.

मग तो मंगळवार आला. माझं ऑफिस चांगीकडे, घरापासून बेटाच्या दुसऱ्या टोकाला. दुपारी यांतीचा रडत फोन आला की बाबा घरात नाहीत. ती वाळलेले कपडे काढत होती तेवढ्यात दार उघडून गेले. मी केटला फोन लावला. तिचे वडीलही घरात नव्हते, आणि फोन उचलत नव्हते. मग केट म्हणाली, "पोलिसांना कळवा. मी माझ्या बापाची हमी देणार नाही."

मी पोलिसांना कळवून टॅक्सीत बसतच होते, एवढ्यात ग्रीन चॅनेलचा फोन आला. अगदी शांत आवाज. चांगी पॉइंटला आहोत, जेटीवर. दोघेही ठीक आहोत.

पुलाउ उबीनहून येणाऱ्या छोट्या बोटी तिथे लागतात. त्या बेटावर सायकली फिरवून आलेली पोरं, पिशव्या घेतलेल्या बायका पायऱ्या चढून वर येत होत्या. बाबा बाकावर ताठ बसून एकेकाच्या सामानावर नजर फिरवत होते. मी पोलिसांना फोन करून, सापडले, असं कळवलं आणि ग्रीन चॅनेलवर तुटून पडले.

"न विचारता त्यांना इतक्या लांब आणलंत कसे?"

"मी आणलं नाही. ते बसस्टॉपवर उभे होते, मी खिडकीतून पाहिलं. परत चला म्हणून खूप विनवलं. ड्यूटीवर उशीर होतोय म्हणाले आणि बसमध्ये चढले. तेव्हा मीही चढलो. बसेस बदलत इथवर आलो. फोनला रेंज होती, पण त्यांनी तो जप्त करून खिशात ठेवला होता. आत्ता दिला."

मी बाबांना विचारलं. बाबा बोट दाखवून म्हणाले, "या माणसाने मला फसवून आणलं."

एकीकडे कोणावरच विश्वास न ठेवणारा माझा बाप, दुसरीकडे आयुष्यभर दुसऱ्यांची वाक्यं बोललेला माणूस. कोणाचं खरं धरू? माझी नजर आपोआप खाली गेली. ग्रीन चॅनेलच्या पायात बूट नव्हते. घरात वापरायच्या रबरी सपाता होत्या, त्यातल्या एकीचा पट्टा तुटलेला आणि अंगठ्याला रक्त साकळलेलं. शर्टही घरातला, चुरगळलेला. हा माणूस बेत करून निघालेला नव्हता. जसा होता तसा धावत उतरला होता.

मी बाबांपुढे उकिडवी बसले. "बाबा, घरी चला. मी नीलू."

"तुम्ही कोण? मी जागा सोडणार नाही."

मी विनवलं, रागावले, हाताला धरून उठवायचा प्रयत्न केला. त्यांनी हात झिडकारला आणि बाकाची कड घट्ट धरली. लोक बघायला लागले. माझं रडू फुटायच्या बेतात होतं.

तेव्हा ग्रीन चॅनेल त्यांच्यासमोर येऊन उभे राहिले. खांदे पाडले. एकदम दमलेला, हरलेला माणूस दिसायला लागला. "ऑफिसर," ते म्हणाले, "मी कबूल करतो. माल इथे नाहीच. बुकित पंजांगला आहे. चला, दाखवतो."

बाबांनी त्यांना नखशिखांत न्याहाळलं. मग उठले, त्यांचं मनगट पकडलं आणि मला म्हणाले, "गाडी बोलवा."

टॅक्सीत वाटभर त्यांनी ते मनगट सोडलं नाही. ड्रायव्हर आरशातून पुन्हा पुन्हा बघत होता. ग्रीन चॅनेल मान खाली घालून बसले होते, आणि त्यांचा अंगठा गाडीच्या पायपोसावर रक्ताचे ठिपके उमटवत होता. घरी पोचल्यावर बाबा यांतीला म्हणाले, "यांना चहा द्या. जबाब घ्यायचाय." आणि खुर्चीत बसल्या बसल्या झोपी गेले. माझ्या फोनवरून कळताच केट जिना चढून धापा टाकत आली होती. ती बापाच्या पायाशी बसली आणि काही न बोलता जखम धुवायला लागली. ते काहीतरी बोलणार होते. ती म्हणाली, "डॅड, आता काही बोलू नका." ते बोलले नाहीत.

त्यानंतर काही महिन्यांतच ते इंग्लंडला परत गेले. तिकडे निवृत्त नटांसाठी एक निवास आहे, तिथे त्यांचा नंबर लागला होता. केटने थांबवायचा प्रयत्न केला, एवढं मला यांतीकडून कळलं. निरोप घ्यायला आले तेव्हा बाबा अंथरुणातच होते आणि त्यांनी ओळख दाखवली नाही. ग्रीन चॅनेल थोडा वेळ उशाशी उभे राहिले. बाहेर आल्यावर मला म्हणाले, "त्यांना खरं काय ते पटवत बसू नका. त्यांनी जो प्रसंग सुरू केलाय त्यात जाऊन उभ्या राहा. आणि उत्तरं लहान द्या. लांब वाक्यात खोटं दिसतं."

ते हात हलवून लिफ्टकडे गेले. त्यांना बाबांचा खरंच लळा लागला होता, की शेवटचं मोठं काम मिळालं म्हणून ते येत होते, हे मला आजही ठाऊक नाही. केटला विचारलं तर ती खांदे उडवते. पण दर रविवारी त्यांना फोन करते.

मला नाटकातलं काही कळत नाही. शाळेतही कधी स्टेजवर चढले नाही. तरी परवा सकाळी बाबांनी विचारलं, "तुम्ही कोण?" तेव्हा मी नीलू म्हटलं नाही.

"नवीन आलेय, साहेब. तुमच्या हाताखाली."

त्यांनी खुर्चीकडे बोट केलं. मी बसले. मी विचारलं, "साहेब, तुम्हाला मुलंबाळं?"

"एक मुलगी. परदेशात असते." मग खिडकीबाहेर बघत, "एकटीच वाढली, मी बंदरावर. तिकडे वेळेवर जेवते की नाही, कोण जाणे."

"जेवते, साहेब."

त्यांनी डोळे बारीक केले. "तुम्हाला कसं माहीत?"

"मी चौकशी केलीय."

ते माझ्याकडे बघत राहिले. मी नजर वळवली नाही. शेवटी त्यांनी मान हलवली आणि मागे टेकून डोळे मिटले.

"मग ठीक," म्हणाले.