आप्पांची हाळी

फुकट काही देणाऱ्या माणसाचा मला आधीच संशय येतो; त्यात ती वेबसाइट असली तर विचारूच नका. रीलची लिंक टाकायचा अवकाश, पडदाभर हिरवी बटणं. सगळ्यांवर 'डाउनलोड' लिहिलेलं. एक दाबलं तर म्हणे, तुमच्या मोबाइलमध्ये व्हायरस शिरलाय. तुला रे कुणी सांगितलं? कारेगावच्या खोलीत मी एकटीच मोबाइलशी भांडत बसले होते.

नाद सोडलाही असता, पण त्या रीलमध्ये आप्पा होते. माझे वडील. पाटसजवळ आमच्या मेंढ्या हायवे ओलांडताना कुणा गाडीवाल्यानं ती काढली होती. आप्पा मागच्या वर्षी गेले. त्यांचा आवाज घरात कुणाच्याच मोबाइलमध्ये नव्हता, आणि इथं ते मेंढ्यांना हाळी देत होते. आईला ती ऐकायची होती. पण ती दिवसभर मेंढ्यांमागे, आणि रानात नेटवर्कचा पत्ता नाही. म्हणून उतरवूनच न्यायला हवी होती.

शेवटी अगदी खालचं, बारकं बटण खरं निघालं. व्हिडिओ आला, तरी माझा संशय जाईना. हे रीलवाले चित्र एकाचं घेतात, आवाज दुसऱ्याचाच चिकटवतात. त्यात आप्पा पाठमोरे; चालीवरून ओळखू येतात, पण तोंड दिसतच नाही. कुण्या भलत्याच मेंढपाळाचा आवाज ऐकवून मी आईला रडवायचं?

सुट्टीला दौंडकडं, आमच्या गावी गेले. ऊस तुटून गेलेल्या रानात आई बसली होती, मेंढ्या चरत चरत लांब गेल्या होत्या. मी मनातली शंका आधीच सांगून टाकली. आईनं मोबाइल कानाला लावून पुन्हा पुन्हा ऐकलं.

"त्यांचीच वाटती. पर गाड्यांचा गलबला केवढा हाय! मला काय इचारती, त्यांनाच इचार की," म्हणत तिनं मेंढ्यांकडं हात केला.

खरंच की. प्रत्येक मेंढपाळाची हाळी निराळी असते. परक्याच्या हाळीला आमच्या मेंढ्या मानसुद्धा वर करत नाहीत. मी आवाज पूर्ण वाढवला आणि मोबाइल उंच धरला.

म्हाताऱ्या मेंढ्या आधी थबकल्या. मग सगळा कळपच आमच्याकडं पळत सुटला. मला इतका आनंद झाला, की मी ओरडलेच, "आई, आप्पाच हायती!" आणि पुन्हा लावायला गेले.

मेंढ्या आमच्याभोवती उभ्या राहून रानभर बघत होत्या. एक म्हातारी मेंढी बांधापर्यंत जाऊन ओरडायला लागली. आईनं माझ्या हातातला मोबाइल काढून घेतला.

"बास," ती म्हणाली. "त्यांना फशिवू नगं."