पेन्को अजून सेटिंगमध्येच आहे

आमच्या पाणीपुरवठा खात्यात पेन्को दोन्चेव नावाचा माणूस आहे. लोकांच्या घरची पाण्याची मीटरं खरं बोलतात की खोटं, हे तपासायचं त्याचं काम. तेवीस वर्षं तो तेच करतोय. शंभर लिटरमागे पेलाभर फरक निघाला तरी त्याच्या घशाखाली घास उतरत नाही. त्याची बायको त्सोन्का शाळेच्या स्वयंपाकघरात आहे. ती सांगते, लग्नात पाद्री आशीर्वाद देत होते तेव्हा हा वाकड्या मेणबत्त्या सरळ करत उभा होता.

असा माणूस गोळीबाराच्या खेळात कसा आला, तर आमच्या गरजेपायी. गावच्या वाचनालयाच्या सभागृहात सप्टेंबरपासून हिवाळाभर दर शनिवारी सकाळी संगणकावर सामने होतात. वेगवेगळ्या खात्यांचे, कारखान्यांचे संघ येतात. पाच विरुद्ध पाच, आधी तेरा डाव जिंकेल तो संघ विजयी. एका बाजूनं ठरलेल्या जागी बॉम्ब ठेवायचा, दुसरीनं अडवायचं. वेळ संपेपर्यंत बॉम्ब ठेवला गेला नाही, तर डाव अडवणाऱ्यांचा. मेलेल्यानं पुढचा डाव सुरू होईपर्यंत तोंड मिटून बघत बसायचं. आमच्याकडे बिलांच्या खिडकीवरची वेस्का होती, ती कप्तान. वेल्डिंगचे दोघे भाऊ होते आणि नळजोडणीवाला मी, तोश्को. पाचवा कोणी मिळेना. पेन्कोच्या घरी संगणक आहे एवढं कळलं, आणि वेस्कानं त्याचं नाव लिहून टाकलं.

पहिल्या शनिवारी तो स्वतःचा माउस, बसायची उशी, लाकडी फूटपट्टी आणि एक वही घेऊन आला. माउस किती सेंटिमीटर सरकवला की खेळातला माणूस पुरता गर्रकन फिरतो, हे त्यानं फूटपट्टी लावून मोजलं. एकतीस आलं. त्याला तीस हवं होतं. त्यानं वेग वाढवला, तर साडेएकोणतीस झालं. तोवर आम्ही चार डाव हरलो होतो आणि तो चारही वेळा जागच्या जागी मेला होता.

"काका, खेळा ना आता," वेस्का म्हणाली.

"चुकलेल्या काट्यावर तोलून काय उपयोग?" पेन्को म्हणाला, आणि वहीत साडेएकोणतीस लिहिलं.

मग त्याला कुणीतरी सांगितलं की पडद्यावरचं चित्र आडवं ताणलं की शत्रू रुंद दिसतो आणि लागायला सोपा जातो. त्यानं ताणलं. शत्रू पिंपासारखे दिसायला लागले, पण त्याबरोबर आम्हीही दिसायला लागलो. एकदा वेस्का त्याच्या पडद्यात डोकावली आणि तिनं स्वतःला धावताना पाहिलं. मग तिनं विचारलं, "ही मी?" पेन्कोनं खरं ते सांगितलं. पुढचा सामना होईपर्यंत चित्र पूर्ववत झालं पाहिजे, असा कप्तानाचा हुकूम सुटला.

त्यानंतर त्याचं लक्ष फुलीवर गेलं. नेम धरायला पडद्याच्या मधोमध एक फुली असते, तिचा रंग, जाडी, लांबी सगळं बदलता येतं. हिरवी गवतात हरवायची. पिवळी भिंतीत मिसळायची. गुलाबीमुळे त्याला हसू यायचं आणि हात हलायचा. म्हणून तो ती रोज थोडीथोडी बारीक करत गेला, आणि ऑक्टोबरात एका संध्याकाळी ती त्याला अगदी हवी तशी सापडली. एकच ठिपका, तपकिरी, मोहरीपेक्षा लहान.

ते आठ दिवस पेन्कोच्या आयुष्यात पुन्हा यायचे नाहीत. त्या शनिवारी सामना नव्हता, पण घरी सरावाला बसला की जिकडे ठिपका तिकडे गोळी. ऑफिसात शीळ घालत यायचा. एका बाईच्या मीटरमध्ये पेलाभर फरक निघाला तर म्हणाला, "असू दे, माणसाला तहान लागते."

आता त्यांचा संगणक स्वयंपाकघरात, कारण थंडीत ऊब तिथेच. दिवस मिरच्या भाजून वर्षभराची चटणी घालायचे, त्यामुळे घरात माश्याच माश्या. पुढे संत दिमितरचा सण आला, पाहुणे यायचे होते, म्हणून त्सोन्कानं सगळं घर पुसून काढलं. संध्याकाळी पेन्को खेळायला बसला तर ठिपका नाही. त्याला वाटलं, संगणक बिघडला. त्यानं सगळी सेटिंग उलटीपालटी केली. शेवटी त्सोन्कानंच भाजी चिरता चिरता विचारलं की हरवलंय काय. त्यानं सांगितलं.

"तो होय," ती म्हणाली. "माशीचा होता. ओल्या फडक्यानं गेला."

खरी गोष्ट अशी होती की फुली बारीक करता करता त्यानं ती पार नाहीशी करून टाकली होती, आणि आठ दिवस माशीच्या घाणीवर नेम धरला होता.

दुसऱ्या दिवशी त्यानं हे आम्हाला सांगितलं. थोरला वेल्डर इतका हसला की त्याला जोडकाम थांबवून भिंतीला टेकावं लागलं. पेन्को हसला नाही. आम्ही सुचवलं, काचेवर पेनानं दुसरा ठिपका काढ. पण वाचनालयातल्या संगणकांच्या काचांना काही लावायची मनाई होती. तेव्हा त्यानं ठरवलं की तोच ठिपका खेळाच्या आत बनवायचा. त्यासाठी तीन पट्ट्या असतात, लाल, हिरवी, निळी, आणि प्रत्येकीवर शून्यापासून दोनशे पंचावन्नपर्यंत आकडे. हा रंग नेमका कुठला, ते एक माशी जाणे आणि एक पेन्को.

नोव्हेंबरात आमचा सामना द्र्यानोवोच्या बेकरीवाल्यांशी पडला. तगडा संघ. तरी वेस्कानं ओढून ओढून बारा-बारा बरोबरी केली. शेवटचा डाव उरला, आणि त्यात अडवायचं आम्ही. डाव सुरू झाला, दोन्ही बाजूंची माणसं पडत गेली. मी गेलो, दोघे भाऊ गेले, शेवटी वेस्काही गेली, पण जाताना तिनं बॉम्बवाल्याला पाडलं. बॉम्ब फाटकाजवळ पडून राहिला. त्यांचा एकच उरला, ल्यूबेन, पावाची गाडी चालवणारा धिप्पाड माणूस. आमचा एकच उरला, पेन्को.

मी शेजारीच बसलो होतो. सहज पेन्कोच्या पडद्याकडे पाहिलं. तो सेटिंगमध्ये होता. लाल पट्टी शहाण्णववरून सत्त्याण्णववर नेत होता, परत शहाण्णववर आणत होता. डाव सुरू झालाय हे त्याला माहीतच नव्हतं. कानांतला आवाजसुद्धा त्यानं एकाग्रतेसाठी बंद केला होता. मेलेल्यानं बोलायचं नाही असा नियम, म्हणून सांगताही येईना. वेस्कानं तोंडात गळपट्टीचा बोळा कोंबला होता.

तिकडे ल्यूबेनला एवढंच माहीत की शत्रूचा एक माणूस कुठेतरी जिवंत आहे. पाऊल वाजत नाही, सावली हलत नाही. एका मिनिटात बॉम्ब उचलून ठेवणं सहज जमलं असतं. पण तो फाटकापर्यंत यायचा आणि मागे फिरायचा. त्यानं गोदाम तपासलं, जिना तपासला, मोकळ्या पिंपांवर गोळ्या झाडल्या. एकदा तर स्वतःच्याच सावलीवर झाडली. पेन्को आपला ज्या कोपऱ्यात डाव सुरू होतो तिथेच भिंतीकडे तोंड करून उभा. तिथे बघायचं कुणाच्या मनातही आलं नाही. ल्यूबेन बॉम्बपासून चार पावलांवर असताना वेळ संपली.

सभागृह उठून उभं राहिलं. गडबड बघून पेन्कोनं कानांवरचा हेडफोन काढला आणि म्हणाला, "हं, जमलं. करा सुरू."

ल्यूबेननं येऊन त्याचा हात दोन्ही हातांत धरला. अठरा वर्षं बर्फातून गाडी चालवतोय, पण एवढी भीती कधी वाटली नव्हती, असं तो म्हणाला. पेन्कोनं प्रामाणिकपणे सांगितलं की आपण रंग बदलत होतो. ल्यूबेननं मान डोलावली, डोळा मिचकावला आणि निघून गेला. गावच्या साप्ताहिकात पेन्कोचा फोटो आला, खाली 'थंड डोक्याचा माणूस' असं छापलं होतं. लोक घरी यायला लागले. तो सगळ्यांना माशीची गोष्ट पहिल्यापासून सांगायचा, आणि सगळे समजायचे की डाव उघडा करायचा नाही म्हणून थापा मारतोय. एक जण तर वहीत 'माशी' असं लिहून घेऊन गेला.

उपांत्य सामना अग्निशमनवाल्यांशी होता. त्यांच्या कानावर पेन्कोची कीर्ती गेली होतीच. प्रत्येक डावात त्यांचे दोघे जण फक्त पेन्कोला शोधत फिरायचे, आणि उरलेल्या तिघांना वेस्का आरामात टिपायची. आम्ही तेरा-दोननं जिंकलो. सामन्याआधी वेस्कानं पेन्कोला बजावून ठेवलं होतं, "काका, सेटिंगमधून बाहेर यायचं नाही. हलायचं नाही. एक गोळीसुद्धा झाडायची नाही." तो हलला नाही. पण सामन्यानंतर सगळे नाचत असताना तो उशी काखेत मारून एकटाच घरी गेला. त्या दिवसापर्यंत त्यानं खऱ्या सामन्यात एकही गोळी झाडलेली नव्हती.

सोमवारी त्सोन्का शाळेच्या स्वयंपाकघराचा पांढरा अंगरखा घालून बिलांच्या खिडकीशी आली. रांगेत पाच माणसं होती, ती बाजूला झाली.

"पोरी, माझा नवरा तुम्ही खेळायला नेलाय की बुजगावणं म्हणून?"

वेस्कानं जिंकण्याचं काहीतरी सांगायला सुरुवात केली.

"जिंका की," त्सोन्का म्हणाली. "पण घरी येऊन तो सूप न पिता झोपतो. त्याला खेळू दे. मरेल तर मरेल."

रांगेतल्या एका म्हातारबाबांना हे नीट कळलं नाही. मयताला काढतात तशी त्यांनी टोपी काढली.

अंतिम सामना वनखात्याशी. पेन्को बरोबर आठ मिनिटांत सेटिंगमधून बाहेर आला. लाल शहाण्णव, हिरवा चौसष्ट, निळा एकतीस. मग शिट्टी झाली आणि तो धावला. मी पुढे होतो. त्याची खऱ्या सामन्यातली पहिली गोळी माझ्या पाठीत लागली. दुसरी एका खिडकीला. अकराव्या सेकंदाला वनखात्याच्या एका शांत बाईनं त्याला टिपलं.

पुढे तो प्रत्येक डाव खेळला, प्रत्येक डावात मेला, एकदा तर शिडीवरून पडून. आठव्या डावात मात्र धुरात एकावर नेम धरला आणि लागली दुसऱ्याच कुणाला, ती तीच शांत बाई निघाली. डाव संपल्यावर ती उठून येऊन त्याला शाबासकी देऊन गेली. आम्ही तेरा-चार असे सपाटून हरलो.

नंतर आम्ही सगळे, त्सोन्कासुद्धा, नदीकाठच्या खानावळीत राजम्याचं सूप प्यायला बसलो. वेस्का घुश्शातच होती, पण त्सोन्कानं तिच्या ताटलीत मिरचीचं लोणचं वाढलं तशी थोडी निवळली. पेन्कोनं ब्रेडचा तुकडा म्हणजे गोदाम, मिठाची डबी म्हणजे ती बाई आणि चमचा म्हणजे स्वतः असं मांडलं, आणि पहिल्या डावाचे अकरा सेकंद सांगायला सुरुवात केली. चाळीस मिनिटं लागली. थोरल्या वेल्डरनं मधे विचारलं की तोश्कोला गोळी का घातली, तर पेन्को म्हणाला, "तो मधे आला," आणि चमचा पुढे सरकवला. त्याचं सूप गार झालं होतं. त्यानं ते पुन्हा गरम करून मागवलं, दोन वाट्या प्यायला, आणि बाराव्या सेकंदाला आपण काय करणार होतो ते सांगू लागला.