मार खायचा मान

भाकरीचा तुकडा धुळीत पडला आणि धाकटे पाटील म्हणाले, "हातानं नाय. तोंडानं उचल." भोवती अख्खी जत्रा उभी होती. लोक खदाखदा हसले. मी वाकलो. तोंडानं उचलला.

सोंगात तसंच असतं म्हणे. वैशाखरे गावाच्या पुढं, घाटाच्या अंगाला आमचं गाव. तिथं जत्रेच्या दुपारी राजपुत्राचं सोंग निघतं. शाप लागून त्याचं राज्य जातं. तो भीक मागतो, मार खातो, शुद्ध होतो आणि पुन्हा गादीवर बसतो. त्यानं गावाची इडापिडा टळते. राजपुत्र एकच. पण मुकुट घालून गादीवर बसायचा मान पाटलांच्या घराचा, आणि मधला मार आमच्या घराचा. आज्यापासून. मार खोटा नसतो. निर्गुडीच्या ओल्या फोका आणि उघडी पाठ.

ती भाकरी मागल्या जत्रेतली. तिच्यामागून फोका बसल्या, पाठ सोलवटली. मला मांडवामागं ढकललं आणि धाकटे पाटील मुकुट घालून बसले. अंगाला अत्तर. बाया ओवाळायला रांगेनं आल्या. "किती सोसलं गो राजपुत्रानं," एक म्हणाली. त्या रांगेत माझी आई होती. तिनं त्यांच्या पायावर डोकं ठेवलं. मी मागून बघत होतो, सदरा पाठीला चिकटलेला. दरसाल मला लाज वाटायची. त्या दिवशी संताप आला. सोसलं कोणी, आणि पाया कोणाच्या पडताय?

यंदा शहापूरच्या गोदामातल्या कामावरून सुट्टी टाकून घरी आलो, तर थोरले पाटील दारात.

"पाठ तयार हाय ना रे?"

"मार खाईन. पण मंग गादीवर बी मीच बसन."

"मान आमचा हाय."

"मंग मार बी तुमीच खा."

ते गेल्यावर आई रडकुंडीला आली. "देव कोपल रे."

"इतकी वर्सं माझी पाठ बघून नाय कोपला तो."

सोंग निघालं. धाकट्या पाटलांनी मुकुट उतरवला. राज्य गेलं. ढोल वाजत राहिला, मार खायला कोणी पुढं येईना. हातात फोका धरलेले लोक धाकट्या पाटलांकडं बघायला लागले. त्यांनी अंगरख्याचे बंद मुठीत गच्च धरले. मग सगळे माझ्याकडं वळले.

मी पुढंच बसलो होतो, आईशेजारी, सदरा घालून. हललो नाही.

गाव म्हणतं, मी सोंग मोडलं. मोडलं तर मोडलं. ज्याला मुकुट हवा, त्यानं आधी सदरा काढावा. आमच्या घरातली पाठ आता मिळणार नाही.