छापलेला बुधवार

बोलावं लागू नये म्हणून मी एकदा तासभर बोलले. पुढे ते पुस्तकात छापून आलं आणि आमच्या घरातला बुधवार बदलला.

लाज माझी लहानपणापासूनची. चौथीपर्यंत वाडीतल्या शाळेत गेले. पाचवीचा वर्ग ओढ्यापलीकडच्या गावात होता. तिथे नव्या बाईंसमोर उभं राहून नाव सांगावं लागेल, या धास्तीने मी घरीच राहिले. घरच्यांना वाटलं, पोर कामाला लागली. लग्न होऊन खालापूरच्या डोंगराखालच्या या ठाकरवाडीत आले, तेव्हा सासूने पहिल्याच आठवड्यात सगळ्यांना सांगून टाकलं, "सून चांगली हाय. तोंड तेवढं घरी इसरून आलीय."

सासूचं तोंड मात्र दोघींना पुरून उरेल असं. नवरा साजगावच्या कारखान्यात पाळीवर जातो. वरची दळी, म्हणजे डोंगराच्या उतारावरची आमची नाचणीची जमीन, सासू आणि मी बघतो. सासू काम सांगते, मी करते, आणि काम संपायच्या आत दुसरं तयार असतं. दिवसभरात मला स्वतःची अशी वेळ नव्हती. मला जास्त काही नको होतं. एक दुपार, एक कोपरा, आणि कोणी हाक मारू नये.

तर एका वर्षी आमच्याकडे मंडळ आलं. मंडळ म्हटल्यावर आम्हाला वाटलं गणपतीचं, पण हे शिकलेल्या लोकांचं होतं. माणसं कशी राहतात, लग्नं कशी जुळवतात, काय खातात, मेलेल्याचं काय करतात, याचा ते अभ्यास करतात. त्याला मानवशास्त्र म्हणतात. मंडळाच्या मोठ्या बाई पांढऱ्या केसांच्या होत्या आणि त्यांचा आवाज बारीक होता. शाळेच्या पडवीत सगळ्यांना बसवून त्या म्हणाल्या, "हे शास्त्र शहरातल्या कपाटात पडून राहू नये, ज्यांच्याबद्दल लिहितो त्यांनाही ते वाचता यावं, म्हणून आमचं मंडळ आहे. आम्ही मराठीत पुस्तकं काढतो, गावोगाव प्रदर्शनं भरवतो. तुम्हीही आम्हाला प्रश्न विचारा."

असं म्हटल्यावर बायका थोड्याच सोडतात. "तुमची सासू हाय का? तुमच्याकडं सैपाक कोन करतं? तुमी आमच्याकडं आल्या, मग तुमच्याकडं अभ्यासाला कोन जातं?" या शेवटच्या प्रश्नावर बाई हसल्या आणि म्हणाल्या, "कोणीच नाही हो. तिथेच तर आमचं चुकतं."

मग त्यांनी फळ्यावर नाती काढायला शिकवलं. पुरुषाला त्रिकोण, बाईला गोल. सासूला ते फार पटलं. "बरोबर हाय. टोचतात तेच." मेलेल्या माणसावर तिरकी रेघ मारायची, असं बाईंनी सांगितलं. सासऱ्यांच्या त्रिकोणावर रेघ पडली. बाईंचा खडू तिथेच थोडा थांबला, तशी सासू ताडकन उठली. "माज्या गोलावर मारायची नाय हां. मी अजून हाय."

मी मागच्या खांबाआड बसून हे सगळं पाहत होते. ते आमचा अभ्यास करत होते आणि मी त्यांचा. चहा तोंडाला लावायच्या आधी ते हळूच वास घेत. फोटो काढताना म्हणत, "आमच्याकडे बघू नका, नेहमीसारखं काम करा," आणि नेहमीसारखं काम करायला लागलं की म्हणत, "थोडं उजेडात सरका."

दुसऱ्या दिवशी बाईंच्या हाताखालची एक ताई कागदांचा गठ्ठा घेऊन घरोघर फिरायला लागली. आमच्या घरी आली ती बुधवारी दुपारी. सासू दळीवर आणि मी एकटी. काही करून तिला घालवायचं म्हणून मी खाली मान घालून म्हणाले, "आज आमच्यात बोलत नाहीत."

तिला वाईट वाटेल आणि ती जाईल, असं माझं गणित. ती मांडी घालून बसली.

"बोलत नाहीत? म्हणजे कोण बोलत नाही?"

"सुना."

"आजच?"

"बुधवारी. जेवणं झाली की ऊन उतरेपर्यंत."

"मग तुम्ही आत्ता..."

"पाहुण्याला सांगण्यापुरतं चालतं."

तिचं पेन धावायला लागलं. त्या वेळात सुनेशी कोण बोलतं? कोणी नाही. काम सांगतात? नाही. मग सून काय करते? बसते. कुठे? आतल्या खोलीत. घरातलं काम कोण करतं? इथे मी जरा थांबले आणि म्हणाले, "पुरुष." एका खोट्याला आधार म्हणून दुसरं, दुसऱ्याला तिसरं असं होत होत मी ताईला घसा सुकेपर्यंत सांगत राहिले. आयुष्यात परक्या माणसाशी मी इतकं कधी बोलले नव्हते, आणि विषय काय, तर गप्प बसणं! ती गेल्यावर मी तांब्याभर पाणी प्यायले आणि पुढे सगळं विसरूनही गेले.

पावसाळा गेल्यावर मंडळाचं पुस्तक आलं. लहानसंच, वर आमच्या डोंगराचा फोटो. शाळेच्या पडवीत मास्तरांनी ते मोठ्याने वाचायला घेतलं. वाडी किती पिढ्यांपासून इथे आहे, दळीवर आजे-पणजे काय पेरत, कुठल्या ओढ्याला काय म्हणतात, सगळं त्यात होतं. म्हातारी माणसं माना डोलवत होती. मग मास्तर म्हणाले, "सुनेची बुधवारची दुपार," आणि मी पुढच्या बाईआड सरकले.

मंडळाचा नियम असा की कोणाचं नाव छापायचं नाही, म्हणजे कोणाला अवघड वाटत नाही. नाव नव्हतंच. लिहिलं होतं, "दारात जांभळीचं झाड असलेल्या घरातल्या सुनेने सांगितलं." वाडीत जांभळीचं झाड एकाच दारात आहे. सगळ्या माना आमच्याकडे वळल्या.

सासू तडक घरी निघाली. घरी आल्यावर बोलली. "बुदवारी बोलत नायत, आं? आनि काम पुरुष करतात! कुटल्या गावाला गं? मला सांग, मी बी जाते र्‍हायला." वाडीतल्या बायका तर पाण्यावर भेटल्या की तोंडावर बोट ठेवून हसायच्या. सासूने पुस्तक पेटीत ठेवलं आणि मला नाचणी पाखडायला बसवलं. तो दिवस नेमका बुधवार होता.

पेटीत ठेवण्याचं कारण वेगळं होतं. त्या पेटीत रेशनकार्ड आणि दळीचे कागद असतात. दळी आम्ही कसतो, पण कागदावर ती जंगलखात्याची; तिच्यावर आमचा हक्क लागावा म्हणून वाडीने दावा टाकला आहे, आणि आम्ही इथे पिढ्यान्‌पिढ्या आहोत हे दाखवणारा कुठलाही छापील कागद आमच्याकडे जपला जातो. सासूला वाचता येत नाही, पण पेटीतला प्रत्येक कागद ती घडीवरून ओळखते.

पुढे मास्तरांच्या फोनवर निरोप आला. मंडळ पुस्तक पुन्हा छापणार होतं. त्याआधी मोठ्या बाई एकेक गोष्ट स्वतः पडताळून बघणार होत्या. आमच्या घरी त्या बुधवारी दुपारी येतील, म्हणजे त्यांना प्रथा डोळ्यांनी पाहता येईल.

मी चुलीपुढे बसून ठरवून टाकलं की बाईंच्या पाया पडून खरं सांगायचं. सासूला तसं म्हणालेही.

"अन मग? एक गोष्ट खोटी निघाली तर बाकीचं पुस्तक कोन खरं मानंल? दळीचं पान त्याच्यातच हाय ना?"

"हो."

"मग बस गप. तुला तर तेच पायजे व्हतं."

बुधवारी बाई आल्या, सोबत ती ताई. मी आतल्या खोलीत दाराशेजारी बसले होते. दार उघडं ठेवायचं, असं सासूने ठरवलं होतं, "दिसाया पायजे". बाईंनी आत वाकून मला विचारलं, "बरी आहेस ना गं?" मी उत्तर देणार होते, तेवढ्यात ध्यानात आलं की देता येत नाही. नुसती मान हलवली. खोटं बोलायची वेळच माझ्यावर आली नाही. माझ्याच खोट्याने मला वाचवलं.

सगळा भार सासूवर पडला.

"ही प्रथा तुमच्याकडे आहे का?" बाईंनी विचारलं.

"ही काय, समोर बसलीय."

"कधीपासून?"

सासू तयार बसलेलीच होती. "तुमाला कदीपासून पायजे?"

ताईचं पेन थांबलं. बाई हसल्या नाहीत, पण चष्मा काढून पदराने पुसायला लागल्या. तेवढ्यात दारात मोटारसायकल वाजली. पहिली पाळी सुटून नवरा घरी आला होता, आणि त्याला हे सांगायचं आम्ही दोघी विसरलो होतो.

"च्या टाक गं," त्याने बाहेरूनच आवाज दिला.

मी सवयीने अर्धी उठले आणि परत बसले. सासूने मान जराही न वळवता म्हटलं, "आज वार कंचा हाय रं?"

"बुदवार. का?"

"मग?"

"मग काय?"

"मग बुदवारी घरात च्या कोन टाकतं?"

तो दारात उभा राहून आईकडे, पाहुण्यांकडे, आत माझ्याकडे बघत राहिला. आईचा तो आवाज त्याला लहानपणापासून ओळखीचा. त्याने डबा खाली ठेवला आणि चुलीकडे गेला. साखर कुठे असते हे त्याला ठाऊक नव्हतं. मला सांगता येत नव्हतं, सासू सांगत नव्हती. मीठ, हळद, रवा, सगळे डबे वाजले. शेवटी आला तो चहा गुळाचा होता आणि फुटलेला होता. पण चौघांना चार कप आले, आणि त्यातला एक मला, आतल्या खोलीत, हातात. या वेळी बाईंनी वास घेतला नाही. मुकाट्याने प्यायल्या.

निघताना त्या वहीत लिहीत होत्या. माझ्या बाजूने अक्षरं उलटी होती, पण चौथीपर्यंतचं वाचन तेवढ्याला पुरतं. "प्रथा जुनी आहे की नाही, सांगता येत नाही," असं लिहिलं होतं. खाली, "आज मात्र पाळली. चहा मुलाने केला."

वही मिटून बाई सासूला म्हणाल्या, "वाडीबद्दलचं आणि दळीबद्दलचं बाकी सगळं बरोबर निघालं. ते तसंच छापू. या बुधवारचं मात्र आम्ही पुन्हा बघायला येऊ."

"कदी?" सासूने घाईने विचारलं.

"ते नाही सांगणार. कुठल्याही बुधवारी येऊ." आणि जाताजाता त्यांनी आत माझ्याकडे पाहिलं. डोळा मारला असं मी म्हणणार नाही. शिकलेल्या बाई आहेत.

गाडी वळणापलीकडे गेली तेव्हा सासू ओट्यावर बसली होती. मी उठून भांडी घ्यायला गेले, तर म्हणाली, "कुटं निगालीस? ऊन उतरलंय का? परत आली ती तर?"

त्यानंतर दोन पावसाळे झाले, मंडळ काही आलं नाही. पण दर बुधवारी जेवणं झाली की सासू रस्त्याकडे तोंड करून ओट्यावर बसते आणि मी आत. नवऱ्याला आता साखर सापडते. चहा बरा करतो. पाण्यावरच्या बायका आधी हसल्या, मग त्यांच्यातल्या दोघी-तिघींनी घरी सांगून टाकलं की पुस्तकात सगळ्या वाडीचं नाव आहे, एकाच घराचं नाही. आता दुपारी वाडीत फिरलं तर दोन-तीन ओट्यांवर सासवा रस्ता बघत बसलेल्या दिसतील.

मी आत बसून हे लिहिते. आधी नुसती बसायचे. मग वही आणली. बाई पहिल्या दिवशी पडवीत म्हणाल्या होत्या ना, त्यांच्याकडे अभ्यासाला कोणी जात नाही म्हणून. तर मी त्यांचाही थोडा करून ठेवला आहे. सासूचा बराच झाला आहे.

अधूनमधून सासूला कंटाळा येतो. "येत नायत गं आता त्या," असं ती सोमवारपासून म्हणायला लागते, आणि मला बुधवार हातातून जाताना दिसतो. मग मंगळवारी पाणी भरून येताना मी लाजत, खाली मान घालून, हळूच सांगते, "साजगावात म्हणे एक पांढरी गाडी दिसली. आत पांढऱ्या केसांच्या बाई होत्या."