आंब्याचा कॉबलर आणि शालनबाईंचे उपवास

स्टाफरूममधले किस्से खडूच्या पुडीसारखे असतात. मुद्दाम कुणी साठवत नाही, तरी कपाटावर बोट फिरवलं की थर निघतोच! बारामतीच्या आमच्या मुलींच्या शाळेत मी नव्वद सालानंतर नोकरीला लागले. पहिल्या सात-आठ वर्षांतले किस्से सांगायला बसले तर सकाळची शाळा सुटून दुपारची भरेल. म्हणून आज फक्त एका पदार्थाचे सांगते.

पदार्थाचं नाव कॉबलर. माझी मामेबहीण परदेशात नर्स. तिनं पत्रातून कृती पाठवली आणि खाली लिहिलं, "सुनंदा, याच्याइतकं सोपं काही नाही. उन्हाळ्यात करून बघ." वाटीभर मैदा, वाटीभर साखर, वाटीभर दूध, चिमूट मीठ, थोडी बेकिंग पावडर. भांड्यात लोणी वितळवायचं, त्यावर हे पातळ पीठ ओतायचं, वरून फळांच्या फोडी टाकायच्या आणि भाजायचं.

फळ कुठलं? पीच! बारामतीच्या मंडईत पीच मागितलं तर लोक माझ्याकडेच बघायला लागले. शाळेच्या शेवंता मावशी (पद शिपायाचं, हुकूम हेडमास्तरांच्या वरचा) म्हणाल्या, "आवो बाई, दारात आंबा असताना परमुलखातल्या फळासाठी कशाला रडायचं? आंबा टाका की!"

आंबा ठरला. पुढं लिहिलं होतं, ओव्हन साडेतीनशेवर ठेवा. आमच्याकडे प्रदर्शनातून आणलेला अॅल्युमिनिअमचा गोल ओव्हन, झाकणाला काचेची खिडकी. मी साडेतीनशे कुठं दिसतंय का ते शोधत बसले. आमचे हे एसटीच्या वर्कशॉपमध्ये मेकॅनिक. त्यांनी ओव्हन उलटा केला, सुलटा केला, वायर हुंगली आणि निकाल दिला.

"सुनंदे, ह्याला दोनच आकडे हायेत. चालू आन बंद!"

*

पहिला कॉबलर फसला, त्याला मी जबाबदार नाही. त्या कृतीत एकच अट होती : फळं टाकली की ढवळायचं नाही! खालचं पीठ आपोआप वर येतं.

मी ओव्हन लावून पाटावर उत्तरपत्रिका तपासत होते. माझं घर शाळेच्या मागच्याच गल्लीत. हेडमास्तर तात्या गुणांचे तक्ते मागायला आले. वास आला म्हणून स्वयंपाकघरात डोकावले. मी तक्ते काढायला आतल्या खोलीत गेले, परत येते तर सर झाकण उघडून उलथन्यानं खरवडतायत!

"सर! काय केलंत?"

"अहो बाई, खालून लागलं असतं!" ते अगदी ठामपणे म्हणाले. "शिरा असा सोडून जायचा नसतो."

मग त्यांनी तो 'शिरा' दोन बशा खाल्ला आणि जाताना सुचवलं, वेलदोडा कमी पडलाय.

दुसऱ्या दिवशी मी दाराला आतून कडी लावून भाजला. या वेळी साक्षीला शेवंता मावशी होत्या. दोघी काचेला डोळे लावून बसलो. फोडी हळूहळू खाली गेल्या आणि पीठ फुगून वर आलं, बदामी झालं, कडेला कुरकुरीत झालं. मावशी बघतच राहिल्या.

"तळाला घातलेलं वर आलं की वो! कुणी डिवचलं न्हाय तर येतंयच वर."

मावशी शाळेची पायरी कधी विद्यार्थी म्हणून चढल्या नव्हत्या. पण हे वाक्य मी नंतर वर्गातही वापरलं.

*

तो कॉबलर मी डब्यात भरून स्टाफरूममध्ये नेला. सगळ्यांनी घेतला. शालनबाईंपुढं बशी ठेवली तर त्यांनी हात जोडले.

"आज माझा गुरुवार, सुनंदा."

आता शालनबाई कोण, हे सांगायला हवं. बाई गणिताच्या. मी सणसरहून एसटीनं याच शाळेत शिकायला यायचे, तेव्हा बाईंनीच मला बीजगणित शिकवलं. शाळा सुटल्यावर थांबवून शिकवलं. माझी गाडी पाचची असायची, ती चुकायची, मग सहाची. बाईंनी एकदाही घड्याळाकडे बघितलं नाही. दहावीनंतर वडील माझं लग्न ठरवत होते, तर बाई उन्हातान्हाच्या सणसरला आल्या आणि त्यांना म्हणाल्या, "हिला शिकवा. ही माझ्या शेजारच्या खुर्चीत बसायच्या लायकीची आहे." आणि खरंच बसले की हो मी त्यांच्या शेजारच्या खुर्चीत!

पण त्या दिवशी सणसरला बाईंनी अंगणात उभ्यानंच बोलणं उरकलं होतं. आईनं पुढं केलेला पाण्याचा तांब्या तसाच राहिला. आमचं घर बौद्धांचं. तेव्हा मी लहान नव्हते, मला कळलं. आईलाही कळलं. तांब्यातलं पाणी तिनं तुळशीसारख्या वाढलेल्या सब्ज्याला घातलं.

म्हणून मी ठरवलं होतं, बाई निवृत्त व्हायच्या आत एकदा तरी माझ्या घरचं खातील. आणि खातील तर माझ्या घरचं म्हणूनच खातील!

*

मग मी दर आठवड्याला भाजू लागले. आंब्याचा, चिकूचा, द्राक्षांचा. इंदापूरकडचं एक डाळिंबही वाया घालवलं. दर वेळी शालनबाईंपुढं बशी ठेवायची आणि दर वेळी उत्तर तयार. सोमवारी महादेव, मंगळवारी देवी, गुरुवारी दत्त, शुक्रवारी पुन्हा देवी, शनिवारी मारुती. एका बुधवारी मी मोठ्या आशेनं गेले तर बाई म्हणाल्या, "प्रदोष!"

एकदा मी त्यांच्याच पद्धतीनं वहीत मांडणी केली. सुट्टीच्या रविवारचा सूर्यही धरला. एका शनिवारी एकादशी आली होती, दोन्ही वेगवेगळे धरले. ज्या बाईंनी मला गणित शिकवलं त्यांच्या आठवड्यात वार सात आणि उपवास आठ!

मी वही शेवंता मावशींना वाचून दाखवली. त्यांनी दूरवर बसलेल्या शालनबाईंकडे नीट बघितलं आणि हळूच म्हणाल्या, "एवढं उपास करून बाईचं वजन कसं काय जाईना?"

*

एप्रिलच्या एका दुपारी सगळी शिक्षकमंडळी घरी बोलावली होती. शालनबाई अर्थातच नव्हत्या. कॉबलर अर्धा भाजला आणि लाइट गेली. आता काय!

शेवंता मावशींनी पदर खोचला. परसात तीन विटा मांडल्या, लाकडं पेटवली, निखारे पडल्यावर त्यावर भांडं ठेवलं आणि वर परातीत निखारे.

"मावशी, जळेल हो!"

"जळंल कसं? आमच्या आज्यानं मेंढरामागं हिंडताना जल्मभर निखाऱ्यावरच भाजून खाल्लंय. त्येच्याकडं कुठं वो बटन होतं?"

तसा कॉबलर पुन्हा कधी झाला नाही. कड तर अशी खरपूस, की तिच्यावरून भांडण लागलं. हेडमास्तर म्हणाले, पदानं कड माझी. मावशी म्हणाल्या, "भाजलं कुणी?" सरांनी गुपचूप मधला तुकडा घेतला.

दुसऱ्या दिवशी स्टाफरूममध्ये दिवसभर त्या कडेचीच चर्चा. शालनबाई खाली मान घालून पेपर तपासत होत्या. पण एकाच पेपरावर बराच वेळ होत्या, हे मी बघितलं.

*

मग मी हट्टालाच पेटले. उपवास आहे काय? ठीक! येत्या एकादशीला उपवासाचा कॉबलर! राजगिऱ्याचं पीठ, भगरीचं पीठ, दही, साजूक तूप, साखर, आंबा. बेकिंग पावडर वगळली. मीठसुद्धा सैंधव!

मधल्या सुट्टीत बशी ठेवली. सगळ्यांच्या माना वळल्या.

"बाई, उपवासाचं आहे."

बाईंनी चष्मा लावला. "मैदा?"

"नाही. राजगिरा."

"सोडा?"

"नाही. दही."

"मीठ?"

"सैंधव!"

बाई थांबल्या. मला वाटलं, जिंकले! तेवढ्यात त्या म्हणाल्या, "सुनंदा, माझी एकादशी निर्जळी असते."

हे सांगताना बाईंच्या हातात चहाचा कप होता!

सगळे हसले. मीही हसले. घरी आल्यावर मात्र मोरीत तोंड धुवायच्या निमित्तानं रडले. हे म्हणाले, "कशाला जिवाला लावून घेतीस? सोड नाद." मी म्हटलं, सोडायचा असता तर बीजगणित तेव्हाच सोडलं असतं. नको म्हणायचा हक्क त्यांचा आहे. वाढायचा हक्क माझा आहे, आणि तो मी सोडणार नाही.

*

मे महिन्याच्या शेवटच्या दिवशी बाई निवृत्त झाल्या. निरोप समारंभाच्या आदल्या दिवशी हेडमास्तर तात्या मला बाजूला घेऊन म्हणाले, "बाई, असं करा. तुमचा तो पदार्थ बेकरीच्या खोक्यात घालून आणा. मी सांगतो बेकरीतून आणलाय म्हणून. त्याही खातील, तुमचंही समाधान होईल."

माणूस चांगला हो! मनापासून बोलत होता. पण माझं डोकं तडकलं.

"सर, त्यांनी नाही खाल्लं तरी चालेल. माझं घर खोक्यात लपवून मी त्यांना घासभरही भरवणार नाही!"

समारंभात शाल झाली, श्रीफळ झालं, भाषणं झाली. मी भांडं झाकणासकट टेबलाच्या मधोमध ठेवलं आणि सगळ्यांना ऐकू जाईल असं म्हटलं, "हे माझ्या घरचं आहे. मी केलंय."

मैद्याचाच केला होता. राजगिरा-बिजगिरा काही नाही.

शालनबाई उठल्या. माझ्याकडे बघितलं. "आज संकष्टी आहे," म्हणाल्या आणि शाल सावरत बाहेर गेल्या.

कुणीतरी मागं फिसकन हसलं. शेवंता मावशींनी भिंतीवरच्या कॅलेंडरवर बोट फिरवलं, ते गणपतीच्या चित्रावर थांबलं आणि त्यांचा चेहराच उतरला. "बाई, आज खरंच हाय की वो चतुर्थी!"

*

त्याच दिवशी दुपारी तीनच्या सुमाराला दार वाजलं. ऊन असं, की गल्लीत कुत्रंही नव्हतं. हे कामावर गेलेले. दार उघडलं तर शालनबाई. एकट्याच. घामानं कुंकू ओघळलेलं.

मी 'या' म्हणायच्या आत त्या आपणहून आत आल्या, चपला कोपऱ्यात नीट लावल्या आणि पाटावर बसल्या.

"आधी पाणी दे."

मी तांब्याभांडं आणलं. ओतताना थोडं सांडलं. बाई सगळं भांडं प्यायल्या. पुन्हा भरून घेतलं, तेही प्यायल्या. मग पदरानं तोंड पुसून म्हणाल्या, "तुझ्या आईचा तांब्या मला अजून आठवतो."

मी सांडलेलं पाणी पदरानं टिपलं.

"ते कुठाय? सगळ्यांनी संपवलं का?"

"आहे. पण बाई, मैदा आहे त्यात."

"असू दे."

"आज खरंच संकष्टी आहे. चंद्र उगवायला अजून..."

"तुला शिकवताना मी कधी घड्याळ बघितलं होतं का गं?" शालनबाई जुन्या, वर्गातल्या आवाजात म्हणाल्या. "वाढ. आणि कडेचं वाढ!"