अक्काच्या डाव्या हातातला गूळ

अक्का गेली त्या दुपारी लातूरच्या दवाखान्यात तिच्या खाटेजवळ मी एकटीच होते. तिने माझ्याकडे गूळ मागितला. कितीतरी दिवसांत तिच्या घशाखाली घास उतरला नव्हता. कर्करोग कंबरेत उतरला होता, तो तिला कुशीवर वळू देत नव्हता आणि पाठीवर पडूही देत नव्हता. मी खाली जाऊन किराणा दुकानातून गुळाचा खडा आणला. तिने तो डाव्या हातात घेतला, पण तोंडाकडे नेला नाही... माझ्यासमोर धरला. या गोष्टीला आता दीड महिना झाला. लोक भेटायला येतात आणि म्हणतात, केवढी माया होती अक्काची तुझ्यावर! होतीच. ती कशासाठी होती, तेवढं सांगायचं राहून गेलं आहे.

महानंदाअक्का माझी सख्खी आत्या. अहमदपूरला मोंढ्याच्या बाजारामागे पत्र्याच्या लांब शेडमध्ये तिची शाळा होती. पाटीबिटी काही नव्हती, लोक जित्राबाची शाळा म्हणायचे. तिथे एकच विद्या शिकवली जायची: माणसाचं दुखणं उचलायचं आणि दुसऱ्या एखाद्या जिवात ठेवायचं. दुखणं नाहीसं होत नाही, फक्त जागा बदलतं, हा पहिला धडा. पहिल्या वर्षी झाडं, दुसऱ्या वर्षी कोंबड्या, तिसऱ्या वर्षी शेळ्या. लेकराचा ताप कढीपत्त्यावर उतरवला की सकाळपर्यंत झाड काळं पडायचं. दाढदुखी कोंबडीत जायची, गुडघे आणि कंबर शेळीत. आम्ही लिंगायत, घरात अंडंसुद्धा चालत नाही, त्यामुळे गावात कुजबुज असायचीच. अक्का ठसक्यात म्हणायची, "आपण खातो का त्यान्ला? न्हाई ना? मग झालं तर."

नांदेड, उदगीर, चाकूरहून माणसं यायची. दुखऱ्या पायाचे डाळमिलवाले शेठ यायचे. लातूरच्या क्लासमधल्या पोरांचं परीक्षेच्या तोंडावर डोकं ठणकायचं, त्यांना बाप दुचाकीवर बसवून आणायचे आणि हँडलच्या पिशवीतून एखादी कोंबडी मान बाहेर काढून बघत असायची. ती कोंबडी अक्का ठेवून घ्यायची, पण वापरायची आमच्यातली जुनी. "ही परकी हाय. हिला आधी माया लावावी लागंल," म्हणायची. सगळी मेख इथेच होती. परक्या जनावरात दुखणं बसतच नाही. ज्या माणसावर जनावराचा जीव असतो, त्याच माणसाच्या हाताने ते बसतं. म्हणून शाळेत येणाऱ्या प्रत्येक मुलीला अक्का एक करडू द्यायची. त्याला नाव ठेवायचं, आपल्या अंथरुणाशी घेऊन झोपायचं, रोज डाव्या हाताने गूळ चारायचा आणि उजवा हात कपाळावर ठेवायचा. तो हात त्याला सवयीचा झाला, की एक दिवस त्याच हाताने दुखणं ठेवायचं.

चाकूरची रेखा माझ्या वयाची. तिच्या करडाचं नाव मोती. एका म्हाताऱ्याची कंबर मोतीत उतरवायची होती आणि रेखाचा हात पुढे होईना. अक्काने तिचं मनगट धरलं आणि हात कपाळावर दाबून धरला. मोतीचे मागचे पाय गळाले, तो बसला तो पुन्हा उठलाच नाही. पण मान लांब करून रेखाचा डावा हात चाटत राहिला, गूळ संपला होता तरी. अक्का वाकून बघत म्हणाली, "बघ, अजून चाटून राहिलं. म्हंजी बरोबर बसलंय." रेखा रडत विचारत होती, "अक्का, याला काय सांगू मी?" अक्का म्हणाली, "काई न्हाई सांगायचं. दुसरं करडू घे."

इतकी दुष्ट बाई मी दुसरी पाहिली नाही, आणि माझ्याशी इतक्या प्रेमाने दुसरं कुणी वागलंही नाही. आई गेल्यावर बापाने मला तिच्या दारात आणून सोडलं, तेव्हापासून तिनेच भरवलं, न्हाऊ घातलं, वेण्या घातल्या. बाकीच्या मुलींच्या पाठीवर तिची काठी पडायची, मला कधी बोटही लागलं नाही. मला करडू मात्र तिने कधी दिलं नाही. मी हट्ट धरला, तर जवळ ओढून म्हणाली, "तुला कशाला गं करडू? तू हायस की माझी." या एका वाक्यावर मी कितीतरी वर्षं गावभर मिरवले!

पुढेपुढे जनावरं तिच्या हाताला येईनाशी झाली. तिच्या हातात गूळ दिसला की शेळ्या भिंतीला चिकटून उभ्या राहायच्या. मग तिचं स्वतःचं दुखणं आलं. शिकून गेलेल्या मुलींना मी फोन केले. प्रत्येकीकडे जीव लावलेली जनावरं होती, कुणीही येऊन ते उतरवू शकली असती. कुणी आलं नाही. रेखाने सगळं ऐकून घेतलं, "बरं" म्हणाली आणि फोन ठेवला. मला विद्या बघून बघून येत होती, पण माझ्यावर जीव असलेलं एकही जनावर नव्हतं.

...तर तिने गूळ माझ्यासमोर धरला. म्हणाली, "घे."

"अक्का, मी माणूस हाय."

"हाव. ठाऊक हाय मला." मग थांबून म्हणाली, "लई वर्सं सांभाळलं गं तुला."

वेण्या, घास, जवळ ओढून म्हटलेलं ते वाक्य, सगळ्याचा अर्थ मला तिथे, त्या खाटेपाशी लागला. संताप आला. वाटलं, आता हिच्यावर माझी तिळभरही माया उरलेली नाही, मग बसेलच कसं? बघच तू, नाही बसणार. असं मनात म्हणत मी तिच्या हातातला गूळ दातांनी उचलला आणि कपाळ तिच्या उजव्या हाताखाली धरलं.

बसलं.

खाटेची कड धरून मी खाली सरकले. वर अक्का कुशीवर वळली, इतक्या दिवसांत पहिल्यांदा. "बसलं गं," म्हणाली, परीक्षा घेतल्यासारखी. झोपली आणि दिवस मावळायच्या आत गेली. आमच्यात बसवून पुरतात. कपाळाला विभूती लावलेली अक्का ताठ कण्याने बसली होती, आणि मला माती टाकायला वाकता येत नव्हतं.

शाळा बंद झाली. तिची गुळाची डबी अजून खुंटीखालच्या फळीवर आहे. शेडमध्ये एकच करडू उरलं आहे. मी त्याला नाव ठेवलेलं नाही. रोज पाला टाकते आणि लांब उभी राहते. काल कंबर फारच ठणकत होती म्हणून भिंतीला टेकले, तर ते आपणहून आलं आणि माझा डावा हात चाटू लागलं. हातात काहीच नव्हतं. हात मागे घ्यायला हवा होता, पण घेतला नाही. उजवा मात्र पदराखाली मुठीत आवळून धरला होता... कालपुरता.